कंसातले प्रश्नचिन्ह

(तृतीय वर्ष कला)

वार्षिकांकात हॅरी पॉटरवर लेख पाहून आमच्या काही गुरुजनांच्या भुवया उंचावतील, हे मी गृहीतच धरले आहे. "ही तर शाळकरी पोरांची पुस्तके. जादूच्या छड्या, उडते झाडू, बोलणारी चित्रे! कला शाखेच्या विद्यार्थ्याने यावर शाई कशाला खर्च करावी?" प्रश्न रास्त आहे. पण तो विचारणाऱ्यांपैकी पुष्कळांनी ती पुस्तके उघडूनही पाहिलेली नसतात. आणि ज्यांनी ती वाचली आहेत ते आमचे मित्रही त्यांतल्या लढाया आणि मंत्र तेवढे लक्षात ठेवतात. जे. के. रोलिंग या ब्रिटिश लेखिकेच्या या सात कादंबऱ्या १९९७ ते २००७ या काळात प्रसिद्ध झाल्या. काळ म्हणजे काय आणि भविष्य सांगितले जाते म्हणजे नेमके काय होते, याविषयीचा एक सबंध विचार त्यांच्या पोटात दडलेला आहे. प्रबंधासारखा तो कुठेही मांडलेला नाही. प्रसंगाप्रसंगांतून वेचावा लागतो. वेचून पाहिला तर, माझ्या मते, पत्रिका आणि मुहूर्त यांच्याशिवाय पान न हलणाऱ्या आपल्या समाजात तो इंग्लंडपेक्षाही अधिक कामाचा ठरेल.

प्रथम काळाचे पाहू. तिसऱ्या कादंबरीत (१९९९) हर्मायनी या अभ्यासू मुलीने इतके विषय घेतलेले असतात की एकाच तासाला तिला दोन-तीन वर्गांत बसावे लागते. तिच्या शिक्षिका, प्रोफेसर मॅकगोनागल, तिच्यासाठी खास परवानगी काढून साखळीत ओवलेले एक चिमुकले वाळूचे घड्याळ मिळवून देतात. त्याचे नाव टाईम-टर्नर. एक फेरा दिला की माणूस एक तास मागे जातो. (आमच्या वेळापत्रकात ज्यांचे दोन विषय एकाच तासाला येतात, त्यांनी प्राचार्यांकडे अशी मागणी करायला हरकत नाही.) वर्षअखेरीला हर्मायनी आणि हॅरी या यंत्राला तीन फेरे देतात, कारण त्यांना दोघांचे प्राण वाचवायचे असतात. एक बकबीक हा अर्धा गरुड, अर्धा घोडा असलेला प्राणी, ज्याला देहान्ताची शिक्षा झाली आहे. आणि दुसरा सिरियस ब्लॅक हा निरपराध माणूस.

इथे लेखिकेने जे केले आहे ते बारकाईने पाहण्यासारखे आहे. पहिल्या वेळी ही मुले हॅग्रिडच्या झोपडीपासून दूर जात असताना कुऱ्हाड हवेतून फिरल्याचा आणि धप्पकन आदळल्याचा आवाज ऐकतात. पाठोपाठ हॅग्रिडचा आक्रोश. बकबीक मेला असे ती समजतात. वाचकही तसेच समजतो. तीन तासांनंतर, मागे जाऊन, सोडवलेल्या बकबीकसह झाडीत दबा धरून बसलेली तीच मुले तोच आवाज पुन्हा ऐकतात. आता कळते की शिकार निसटल्याच्या रागात मारेकऱ्याने कुऱ्हाड कुंपणावर हाणली होती, आणि हॅग्रिडचा तो आक्रोश आनंदाचा होता. आवाज तोच, क्षण तोच. बदलले काहीच नाही. बकबीक मेलाच नव्हता. तो मेला असे आपण मानले होते, एवढेच.

सरोवराच्या काठचा प्रसंग तर याहून सरस आहे. जीव शोषणाऱ्या डिमेंटरांनी हॅरी आणि सिरियस यांना घेरलेले असते. पलीकडच्या तीरावर कुणीतरी उभे राहून रुपेरी हरिणाच्या रूपातला रक्षक पाठवते आणि दोघे वाचतात. शुद्ध हरपता हरपता हॅरीला त्या आकृतीत आपले मृत वडील दिसतात. तीन तास मागे आल्यावर तो त्या तीरावर जाऊन वडिलांची वाट पाहतो. कोणी येत नाही. समोर स्वतःचाच जीव जाताना दिसतो आहे, वेळ निघून चालली आहे, आणि मग त्याच्या डोक्यात प्रकाश पडतो: तो माणूस मीच होतो. हरिण पाठवणारा हात त्याचाच असतो. एरवी भल्याभल्यांना न जमणारी ही विद्या त्या क्षणी कशी जमली, असे विचारले असता त्याचे उत्तर असे की हे आपल्या हातून एकदा झालेले आहे, हे मला ठाऊक होते.

या रचनेत भूतकाळ बदलता येत नाही. त्यात शिरता मात्र येते. आणि शिरणाऱ्याने जे केले ते आधीपासूनच त्या भूतकाळाचा भाग असते. रशियन भौतिकशास्त्रज्ञ नोव्हिकोव्ह यांनी कालप्रवासाविषयी मांडलेले सुसंगतीचे तत्त्व याच जातीचे आहे. मात्र भौतिकशास्त्रात शिरण्याचा माझा अधिकार नाही, तेव्हा तो विषय विज्ञान शाखेच्या मित्रांकडे सोपवतो. एक खोट मात्र सांगितली पाहिजे. मागे जाऊन स्वतःच्याच भूतकाळातल्या देहाला चुकून ठार मारणाऱ्या जादूगारांचा उल्लेख हर्मायनी मॅकगोनागलबाईंच्या हवाल्याने करते. तसे खरोखर घडत असेल तर वर सांगितलेली सारी मांडणी कोसळते. लेखिकेने हा धागा पुढे ओढला नाही, हे बरेच झाले.

"मग हॅरीच्या आईवडिलांना वाचवायला कुणी मागे का गेले नाही?" हा प्रश्न वाचनकट्ट्यावर हमखास निघतो, आणि तो विचारणाऱ्याला आपण लेखिकेला पकडले असे वाटते. उत्तर वर आलेच आहे. बकबीकच्या मृत्यूचा कुणी साक्षीदार नव्हता, म्हणून तिथे फट होती. पॉटर दांपत्याच्या बाबतीत फट नाही. मेलेले मेलेलेच राहतात. म्हणूनच या पुस्तकांतले दुःख खरे वाटते. नेमके हेच २०१६ साली लंडनच्या रंगभूमीवर आलेल्या 'हॅरी पॉटर अँड द कर्स्ड चाइल्ड' या नाटकात गमावले गेले. ते नाटक जॅक थॉर्न यांनी लिहिले आहे; कथा रोलिंग, थॉर्न आणि दिग्दर्शक टिफनी या तिघांची. त्यात हॅरीचा मुलगा मागे जातो, काहीतरी बदलतो, वर्तमान पार पालटते. पुन्हा जातो, पुन्हा पालटते. रंगमंचावर ते नेत्रदीपक दिसत असेल. पण पाटीवरचे अक्षर पुसून पुन्हा लिहावे तसा भूतकाळ पुसता येऊ लागला की मृत्यू हा केवळ दुरुस्तीला टाकलेला मजकूर होतो. मला ते नाटक सातही पुस्तकांशी केलेली प्रतारणा वाटते. हे मत कठोर आहे, असो.

आता भविष्याकडे येऊ. पाचव्या कादंबरीत (२००३) सांगितले जाते की हॅरीच्या जन्मापूर्वी ट्रिलॉनी या बाईने, एका खाणावळीच्या माडीवर, नोकरीच्या मुलाखतीच्या वेळी अंगात आल्यासारखे होऊन एक भविष्य उच्चारले. ते मुख्याध्यापक डम्बलडोर यांनी पूर्ण ऐकले. दाराबाहेर उभ्या असलेल्या हेराने अर्धेच ऐकले आणि आपल्या धन्याला, क्रूरकर्मा व्होल्डेमॉर्टला, सांगितले. त्या अर्ध्या भागाचा आशय असा की व्होल्डेमॉर्टला नमवण्याची शक्ती असलेले मूल जन्माला येत आहे. जुलै महिना सरता सरता ते जन्मेल. आणि त्याच्या आईबापांनी व्होल्डेमॉर्टला तीनदा आव्हान दिलेले असेल. न ऐकलेल्या भागात असे होते की व्होल्डेमॉर्ट स्वतःच त्या मुलावर आपल्या बरोबरीची खूण उमटवील, आणि अखेर दोघांपैकी एकाला दुसऱ्याच्या हातून मरावे लागेल.

या वर्णनाला दोन मुले जुळत होती. हॅरीचा जन्म ३१ जुलैचा, नेव्हिल लाँगबॉटमचा ३० जुलैचा. दोघांचेही आईबाप व्होल्डेमॉर्टशी लढलेले. व्होल्डेमॉर्टने हॅरीची निवड केली, पाळण्यातल्या मुलावर हल्ला केला, आणि तो हल्ला उलटून मुलाच्या कपाळावर विजेच्या आकाराचा व्रण राहिला. म्हणजे खूण त्यानेच उमटवली. भविष्य ऐकून जो टाळायला निघाला, त्याने ते घडवले. सहाव्या पुस्तकात (२००५) डम्बलडोर हॅरीला पुनःपुन्हा बजावतात की त्या दालनात ठेवलेली सगळीच भविष्ये खरी झालेली नाहीत. हेही व्होल्डेमॉर्टने मनावर घेतले नसते तर नुसते शब्द राहिले असते.

लंडनमधल्या जादू-मंत्रालयाच्या तळघरात भविष्यांचे एक दालन आहे. तिथे फळ्यांवर काचेच्या गोळ्यांमध्ये उच्चारलेली भविष्ये जपून ठेवलेली आहेत. या भविष्याच्या गोळ्याखाली चिठ्ठी आहे. तीवर सांगणारीची आणि ऐकणाऱ्याची आद्याक्षरे आहेत, व्होल्डेमॉर्टचा निर्देश आहे, आणि हॅरीच्या नावाआधी कंसात एक प्रश्नचिन्ह आहे. हॅरीचे नाव तिथे हल्ल्यानंतर घातले गेले. प्रश्नचिन्ह मात्र कुणी खोडले नाही.

आमच्या तत्त्वज्ञानाच्या तासाला ॲरिस्टॉटलचे एक प्रसिद्ध उदाहरण येते. 'उद्या समुद्रावर लढाई होईल' हे विधान आज खरे आहे की खोटे? आजच खरे असेल तर लढाई टळूच शकत नाही, मग सल्लामसलत आणि विचारविनिमय कशाला करायचा? ॲरिस्टॉटलचा कल असा की लढाई होईल किंवा होणार नाही, एवढे निश्चित. पण दोहोंपैकी कोणते, हे आज ठरलेले नसते. परीक्षेपुरते आम्ही हे पाठ करतो आणि विसरतो. मला त्या फळीवरच्या प्रश्नचिन्हात हाच विचार दिसला. भविष्य उच्चारले गेले त्या रात्री त्यातले 'मूल' कोण, हे सत्य अस्तित्वातच नव्हते. व्होल्डेमॉर्ट एका घराच्या दाराशी जाऊन उभा राहिला तेव्हा ते ठरले. रोलिंग यांनी एक्सेटर विद्यापीठात फ्रेंचबरोबर ग्रीक-लॅटिन अभिजात वाङ्मयाचाही अभ्यास केला होता, हे इथे आठवते. ट्रिलॉनीबाईंचे नाव सिबिल असावे आणि त्यांच्या खापरपणजीचे कॅसँड्रा, हे काही सहज झालेले नाही. ट्रॉयच्या कॅसँड्राला खरे भविष्य दिसे, पण तिच्यावर कुणाचा विश्वास बसत नसे. इथे उलटे झाले. अर्धवट ऐकलेल्या वाक्यावर नको त्या माणसाचा नको तितका विश्वास बसला.

इथे डम्बलडोर यांच्याशी माझा थोडा मतभेद आहे. 'त्याने मनावर घेतले नसते तर' असे ते म्हणतात खरे. पण व्होल्डेमॉर्ट खूण उमटवील हे तर भविष्याच्या पोटातच होते. म्हणजे तो मनावर घेणार, हेही त्यात धरलेले होते. मग 'नसते घेतले तर' या म्हणण्याला अर्थ काय उरला? मुख्याध्यापक इथे शिष्याची समजूत घालत आहेत, तर्क पुरा करत नाहीत. मला सुचणारे उत्तर असे. भविष्य घटनेचे नव्हते, स्वभावाचे होते. पाळण्यात आपला प्रतिस्पर्धी आहे असे कानावर पडल्यावर जुलमी सत्ताधीश काय करील, हे सांगायला दिव्यदृष्टी कशाला हवी? आपल्याकडे स्वभावाला औषध नाही असे म्हणतात. ज्याच्या स्वभावाला खरोखरच औषध नसते, त्याचे भविष्य खरे ठरते. हॅरीच्या बाबतीत मात्र तसे नाही. हे सारे बाजूला ठेवून तो निघून जाऊ शकला असता. पण व्होल्डेमॉर्टने आपल्या आईबापांना मारले आहे, म्हणून भविष्य नसते तरी आपण हेच केले असते, हे त्याला उमगते. आखाड्यात फरफटत नेले जाणे आणि मान ताठ ठेवून स्वतःच्या पायांनी उतरणे, यांत काही जणांना फरक वाटणार नाही. लेखिकेला मात्र सगळा फरक तिथेच वाटतो. मलाही वाटतो.

मराठी वाचकाला इथे कंस आठवल्यावाचून राहणार नाही. देवकीची वरात निघाली तेव्हा बहिणीच्या प्रेमापोटी कंस स्वतः तिच्या रथाचे सारथ्य करत होता. आकाशवाणी झाली, आठव्या पुत्राचा उल्लेख झाला, आणि लगाम धरलेला हात तलवारीकडे गेला. एका वाक्याने भावाचा वैरी केला! तुलना इथपर्यंत जुळते. पुढे जुळत नाही. भागवतातली आकाशवाणी ही देवाने आधीच घेतलेल्या निर्णयाची नोटीस आहे. भूभार हरण करण्यासाठी अवतार ठरलेलाच आहे. कंसाने बहिणीवर माया केली असती तरी कृष्ण यायचाच होता. ग्रीकांच्या इडिपसचेही तेच. बाप पोराला डोंगरावर टाकून देतो, पोरगा मोठेपणी देववाणी ऐकून पालकांचे घर सोडतो, आणि टाळण्याचे दोन्ही प्रयत्न त्याला नेमके त्याच तिठ्यावर आणून सोडतात. तिथे पळून जाण्याची वाटच दैवाने आखलेली आहे. रोलिंगबाईंना खरा शेजार आहे तो 'मॅकबेथ'चा, ज्याला शिरवाडकरांनी 'राजमुकुट' म्हणून मराठीत आणले. चेटकिणी मॅकबेथला राजा होशील एवढेच सांगतात. खून कर असे सांगत नाहीत. सुरा त्याच्या हातात त्यांनी दिलेला नाही. कंस, इडिपस आणि मॅकबेथ या तिघांना एका माळेत ओवून 'दैवगती' असा मथळा देण्याची आपल्या उत्तरपत्रिकांतली सवय मला म्हणूनच चुकीची वाटते. शेवट सारखा असेल. जबाबदारी सारखी नाही.

हॉगवर्ट्‌स शाळेत भविष्यकथन हा चक्क अभ्यासक्रमातला ऐच्छिक विषय आहे, आणि तो शिकवतात याच ट्रिलॉनीबाई. चहाच्या गाळातून आकृत्या वाचणे, स्फटिकाच्या गोळ्यात धुके पाहणे, आणि दर वर्षी एखाद्या विद्यार्थ्याचा मृत्यू वर्तवणे हा त्यांचा परिपाठ. तो विद्यार्थी दर वर्षी ठणठणीत राहतो. मॅकगोनागलबाई ही विद्या बेभरवशाची मानतात. हर्मायनी तर वर्गातून उठूनच जाते. फिरेन्झ नावाचा नरतुरंग पुढे हा विषय शिकवू लागतो. तो म्हणतो की ग्रहताऱ्यांवरून जे दिसते त्याची खात्री व्हायला दहा वर्षेही लागतील, आणि तरीही चूक होऊ शकेल. असा शिक्षक परीक्षेच्या काय कामाचा!

हा विनोद आपल्याला दूरचा नाही. विद्यापीठ अनुदान आयोगाने २००१ साली विद्यापीठांत 'ज्योतिर्विज्ञान' शिकवण्याची योजना आणली. शास्त्रज्ञांनी तिला आव्हान दिले. २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने ते आव्हान फेटाळले. २०२१ मध्ये इंदिरा गांधी मुक्त विद्यापीठाने ज्योतिषाचा एम.ए. सुरू केला. दुसरीकडे २००८ साली पुण्यात डॉ. जयंत नारळीकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एक साधी चाचणी घेतली. शंभर हुशार मुलांच्या आणि शंभर बौद्धिक अपंगत्व असलेल्या मुलांच्या, अशा दोनशे पत्रिका जमवल्या, आणि कोणती पत्रिका कोणत्या गटातली हे ज्योतिषांनी ओळखावे असे आवाहन केले. चाळीस-चाळीस पत्रिकांची उत्तरे २७ ज्योतिषांनी पाठवली. बरोबर उत्तरांचे प्रमाण सरासरी ४६ टक्के भरले. छापा-काटा केला असता तर पन्नासच्या आसपास भरले असते.

ही चाचणी मला महत्त्वाची वाटते. पण मला असेही वाटते की आपले विवेकवादी मित्र इथेच थांबतात आणि अर्धीच लढाई लढतात. भविष्य खोटे असते हे सिद्ध झाले, तरी ते ऐकणाऱ्याचे काय होते हा प्रश्न शिल्लकच राहतो. आणि रोलिंगबाईंचा सगळा भर त्या दुसऱ्या प्रश्नावर आहे. सांगणारीला त्यांनी जवळजवळ विदूषक केले आहे. तिने दोनदा खरे भविष्य उच्चारले. दोन्ही वेळा आपण काय बोललो याची तिला आठवणही राहिली नाही. सहाव्या पुस्तकात पत्ते पिसत ती मार्गिकेतून जाते. इस्पिकात वाचते की प्रश्नकर्त्याचा राग असलेला एक तरुण जवळच आहे. हॅरी खरोखरच तिथे लपलेला असतो! पण बाईंना ते पटत नाही. 'छे, हे काही बरोबर नाही' अशा अर्थाचे पुटपुटून त्या पुढे निघून जातात. कथा घडते ती ऐकणाऱ्यांची.

समाजशास्त्राच्या विद्यार्थ्यांना रॉबर्ट मर्टन परिचित आहेत. १९४८ साली त्यांनी 'स्वतःला खरे ठरवणारे भाकीत' ही कल्पना मांडली. बँक बुडणार अशी अफवा उठते, ठेवीदार धावतात, आणि धडधाकट बँक बुडते. १९६८ साली रोझेंथॉल आणि जेकबसन या दोघांनी अमेरिकेतल्या एका प्राथमिक शाळेचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यांनी सुमारे एक पंचमांश मुले चिठ्ठ्या टाकाव्यात तशी निवडली आणि शिक्षकांना सांगितले की ही यंदा चमकणार. वर्षअखेरीला खालच्या इयत्तांतली ती मुले खरोखरच पुढे गेलेली दिसली. त्या प्रयोगावर पुढे पुष्कळ टीका झाली आणि परिणाम वाटला तितका मोठा नसावा असे अनेकांनी दाखवले. पण शिक्षकाच्या अपेक्षेला काहीच वजन नसते, असे म्हणण्याचे धाडस आपल्या वर्गात बसलेला कोणी करील काय?

आपल्याकडे भविष्य सांगायला पोपट लागत नाही आणि ट्रिलॉनीबाईही लागत नाहीत. दहावीचा निकाल पुरतो. "आर्ट्‌सला गेला? मग संपलेच!" हे भविष्य या अंकाच्या वाचकांपैकी कोणी ऐकले नसेल, असे मला वाटत नाही. आत्याने सांगितलेले, शेजारच्या काकांनी सांगितलेले, बसमध्ये शेजारी बसलेल्या अनोळखी गृहस्थांनी सांगितलेले. ते ऐकून आमच्यातले कितीतरी जण पहिल्या वर्षापासूनच संपल्यासारखे वागतात. ग्रंथालयात पाऊल टाकत नाहीत, प्रश्न विचारत नाहीत, आणि तीन वर्षांनी ते काका बरोबर ठरतात. खेड्यातून आलेल्या मुलाला पहिल्याच आठवड्यात "तुझे इंग्रजी आता काही सुधारायचे नाही" असे सांगितले जाते. तो इंग्रजीच्या तासाला मागच्या बाकावर बसू लागतो. मग त्याचे इंग्रजी कसे सुधारणार? गुरुजनांनी रागावू नये. पण काचेचा हा गोळा आपल्या हातूनही फळीवर ठेवला जातो, आणि त्याखालच्या चिठ्ठीवर आपण प्रश्नचिन्ह घालत नाही.

मुलींचे तर याहून अवघड. पत्रिकेत मंगळ आहे एवढ्या एका ओळीवर घरातल्या बोलण्याचा सूर बदलतो. स्थळे येईनाशी होतात, आली तर मोडतात. मग "बघा, पत्रिकेत होतेच" असे म्हणायला सगळे मोकळे. मंगळाने काही केलेले नसते. चारचौघांनी ते मानले आणि त्याप्रमाणे दारे लावून घेतली. इथे सगळी जबाबदारी ऐकणारीवर टाकून "तू मनावर घेऊ नकोस" असे म्हणणे सोपे आणि क्रूर आहे. नेव्हिल आणि हॅरी यांनीही काही मनावर घेतले नव्हते; त्यांना तर कळतच नव्हते. मनावर घेतले ते तिसऱ्याच माणसाने, आणि हत्यार त्याच्या हातात होते. डम्बलडोर यांच्या तत्त्वज्ञानाची ही मर्यादा मला फार बोचते. भविष्याला जोर येतो तो मानणाऱ्यामुळे, हे खरे. पण मानणारा आणि भोगणारा एकच असतो असे नाही.

राहता राहिली ती मंत्रालयातली रात्र. कादंबरी पाचवी. टाईम-टर्नरांचे कपाट आणि भविष्यांचे दालन, दोन्ही त्याच तळघरात, गूढ-विभागात आहेत. हॅरी आणि त्याचे मित्र तिथे सापळ्यात सापडतात आणि झटापट होते. त्या धुमश्चक्रीत वाळूच्या घड्याळांचे काचेचे कपाट कोसळते, फुटते, आपोआप सावरून भिंतीवर चढते आणि पुन्हा कोसळते. ते तसेच कोसळत राहते. मंत्रालयाजवळचा सगळा साठा त्या रात्री नष्ट झाला, असे पुढच्या पुस्तकात कळते. आणि त्याच रात्री तो भविष्याचा गोळाही फुटतो. मागे जाण्याचे साधन आणि पुढचे ऐकण्याचे साधन लेखिकेने एकाच रात्रीत मोडून टाकले आहे. पुढची दोन पुस्तके या मुलांना दोहोंवाचून चालायची आहेत.

गोळा कोण फोडतो, हे चटकन वाचणाऱ्याच्या लक्षात येत नाही. नेव्हिल. तोच, ज्याच्यात जादूचा अंशही नसावा असे घरच्यांनी लहानपणी धरून ठेवले होते. ज्याला काका-आजोबा कधी धक्क्यावरून पाण्यात ढकलत, कधी खिडकीतून उलटा धरत, जादू बाहेर पडते का ते पाहायला. आणि ज्याच्या हातात आजीने त्याच्या बापाची जुनी छडी दिली होती, कारण पोराने बापासारखे व्हावे. त्या रात्री ती छडीही मोडते. शत्रूच्या मंत्राने नेव्हिलचे पाय आवरेनासे होऊन वेडेवाकडे नाचत असतात. हॅरी त्याला झग्याला धरून वर ओढतो, शिवण उसवते, खिशातला गोळा खाली पडतो आणि नेव्हिलच्या नाचऱ्या पायाची ठोकर लागून दूर जाऊन फुटतो. त्यातून धुरकट आकृती उठते, तिचे ओठ हलतात, पण लढाईच्या गोंगाटात कुणालाच काही ऐकू येत नाही. हे भविष्य एका दिवसाच्या फरकाने त्याचेही होऊ शकले असते, हे नेव्हिलला माहीत नसते. तो ओशाळून हॅरीची पुनःपुन्हा माफी मागतो.

पुढच्या सत्राला तो नवी छडी घेऊन येतो, त्याच्यासाठी म्हणून निवडलेली. आणि शेवटच्या पुस्तकात तलवारीने त्या सापाचे मुंडके उडवतो, जो जिवंत असेपर्यंत व्होल्डेमॉर्ट मरूच शकत नव्हता. त्याबद्दल कुठल्याही फळीवर, कुठल्याही गोळ्यात, एक अक्षर नव्हते.